‘पित्त झालंय’ म्हणून दुखणे अंगावर काढू नका

पोटात कळ आली, मळमळले, उलटी झाली की घरोघरी एकच निदान होते: ‘पित्त झालंय.’ पण या एका शब्दाआड कधी आम्लपित्त असते, कधी पित्ताशयातले खडे, तर कधी उलट्या दिशेने जठरात शिरणारा पित्तरस. यांतला फरक वेळीच ओळखला तर उपाय सोपा असतो. न ओळखला तर साधे दुखणे जिवावर बेतू शकते.

म्हैसूरमधील कुवेंपुनगर ही शांत, मध्यमवर्गीय वसाहत. ज्ञानपीठ पुरस्कार मिळवणारे कन्नडमधील पहिले साहित्यिक कुवेंपु यांचे नाव या वसाहतीला दिलेले आहे. नोकरी-व्यवसायाच्या निमित्ताने येऊन म्हैसुरात स्थिरावलेल्या एखाद्या मराठी कुटुंबाचे घर येथे आहे, अशी कल्पना करावी. त्या घराला नाव कोणतेही द्या. असे घर पुण्यात, बेळगावात, इंदुरातही सापडेल.

संकष्टीचा दिवस आहे. घरची सून चाळिशीच्या आसपासची, दोन मुलांची आई, अंगाने जराशी स्थूल. दिवसभराचा उपास. सकाळी चहा, दुपारी दाण्याचे कूट घातलेली थोडी साबुदाण्याची खिचडी. रात्री चंद्रोदयानंतर आरती, नैवेद्य, मग सर्वांची पाने. तळलेले मोदक, त्यावर साजूक तूप, पुऱ्या, बटाट्याची भाजी. सगळ्यांना वाढून झाल्यावर ती जेवायला बसते, तेव्हा साडेदहा वाजलेले असतात.

रात्री दीडच्या सुमारास तिला जाग येते ती पोटातल्या कळेने. पोटाच्या वरच्या भागात, उजव्या बरगडीखाली कोणी आवळून धरावे तसे दुखते आहे. दुखणे पाठीत, उजव्या खांद्याच्या फऱ्यापर्यंत जाते. कुशीवर वळा, उठून बसा, येरझाऱ्या घाला, कशानेही आराम नाही. घाम फुटतो, एक उलटी होते.

सासूबाई जाग्या होतात. ‘‘अगं, पित्त झालंय तुला. दिवसभर पोट रिकामं, वर ते तळलेलं. आमसुलाचं पाणी घे थोडं, बरं वाटेल.’’

‘‘कपाटात अॅसिडिटीची गोळी असेल बघ,’’ नवरा झोपेतच सांगतो.

चारच्या सुमारास कळ आपोआप ओसरते. सकाळी सहाला ती नेहमीप्रमाणे डबे करायला उभी राहते. शेजारच्या कन्नड काकू विचारपूस करून जातात. त्यांचेही निदान तेच: ‘पित्त आगिदे.’ दोन भाषांत एकच शब्द, म्हणून सगळ्यांची खात्री पटते आणि विषय संपतो.

खरे तर तो तिथेच सुरू व्हायला हवा. कारण सहा महिन्यांत असे दुखण्याची तिची ही तिसरी वेळ आहे.

एक शब्द, अनेक दुखणी

मराठी घरात ‘पित्त’ हा शब्द किती अर्थांनी वापरला जातो, याचा विचार फारसा कोणी करत नाही. छातीत जळजळले, आंबट ढेकर आले तर पित्त. उन्हातून आल्यावर अर्धे डोके ठणकले आणि उलटी झाल्यावर बरे वाटले तरी पित्तच. प्रत्यक्षात ती अनेकदा अर्धशिशी असते. अंगावर लाल गांधी उठून खाज सुटली तर ‘अंगावर पित्त उठले’. ती त्वचेची अॅलर्जी असते. कोणी चिडला तर त्याचे ‘पित्त खवळले’. आयुर्वेदात पित्त ही तीन दोषांपैकी एक संकल्पना आहे आणि तिचा अर्थ आणखी निराळा.

आधुनिक वैद्यकशास्त्र ज्याला पित्त म्हणते, तो यकृतात तयार होणारा हिरवट-पिवळा कडू रस. जळजळ होते ती बहुधा जठरातल्या आम्लामुळे. त्या आम्लाचा आणि या पित्तरसाचा काहीही नातेसंबंध नाही. आम्ल जठरात तयार होते, पित्तरस यकृतात. आम्ल कमी करण्याची गोळी घेतल्याने पित्ताशयातला खडा तसूभरही हलत नाही. दुखणे थांबले तर ते गोळीमुळे नव्हे, खडा आपणहून जागचा सरकल्यामुळे थांबलेले असते. पण श्रेय गोळीला मिळते आणि तपासणी पुढे ढकलली जाते.

पित्तरसाचे काम काय?

आपले यकृत दिवसाला साधारण अर्धा ते एक लिटर पित्तरस तयार करते. तूप, तेल, लोणी यांतील स्निग्ध पदार्थ पाण्यात विरघळत नाहीत. तेलकट भांडे नुसत्या पाण्याने निघत नाही, साबण लावावा लागतो. पित्तरसातील क्षार तेच काम आतड्यात करतात. स्निग्ध पदार्थाचे बारीक थेंब करून ते पचण्याजोगे बनवतात. अ, ड, ई आणि के ही जीवनसत्त्वे शोषली जाण्यासाठीही पित्तरस लागतो. शिवाय शरीराला नको असलेले कोलेस्टेरॉल आणि जुन्या तांबड्या पेशींतून निघणारे बिलिरुबिन हे रंगद्रव्य याच वाटेने बाहेर टाकले जाते.

यकृताच्या खालच्या बाजूस चिकटलेली, लहान पेरूच्या आकाराची पिशवी म्हणजे पित्ताशय. लांबी ७ ते १० सेंटिमीटर, मावते जेमतेम ३० ते ५० मिलिलिटर. दोन जेवणांच्या मधल्या वेळात पित्तरस येथे साठतो आणि त्यातले पाणी शोषले जाऊन तो घट्ट होतो. स्निग्ध अन्न आतड्यात पोहोचले की पित्ताशय आकुंचन पावते आणि हा रस पित्तनलिकेवाटे लहान आतड्याच्या सुरुवातीच्या भागात सोडला जातो. स्वादुपिंडाची नलिकाही बहुतेकांत तेथेच येऊन मिळते. हे शेजार लक्षात ठेवण्याजोगे आहे, कारण पुढची मोठी संकटे त्यातूनच उद्भवतात.

खडे होतात कसे?

पाकात साखर जास्त झाली की तळाशी खडे धरतात. पित्ताशयातही काहीसे असेच घडते. पित्तरसात कोलेस्टेरॉल प्रमाणाबाहेर वाढले, किंवा पित्ताशय नीट रिकामे होईनासे झाले, की कोलेस्टेरॉलचे कण जमून त्यांचे खडे बनतात. दुसऱ्या प्रकारचे खडे बिलिरुबिनचे, काळे किंवा तपकिरी असतात. ज्या आजारांत तांबड्या पेशी लवकर फुटतात, उदाहरणार्थ सिकलसेल किंवा थॅलेसेमिया, त्यांत काळे खडे कमी वयातही होतात. विदर्भात आणि आदिवासी भागांत सिकलसेलचे रुग्ण बरेच असल्याने तेथे मुलांच्या पोटदुखीतही ही शक्यता ध्यानात ठेवावी लागते.

आपल्या देशात हा आजार सगळीकडे सारखा नाही. उत्तर भारतात, विशेषतः गंगेच्या खोऱ्यात, तो दक्षिणेपेक्षा खूप जास्त आढळतो. रेल्वे कर्मचाऱ्यांच्या नोंदींवरून हा फरक १९६८ सालीच एका वैद्यकीय अभ्यासात मांडला गेला होता. दक्षिणेतल्या रुग्णांत रंगद्रव्याच्या खड्यांचे प्रमाण तुलनेने अधिक असते. म्हणून म्हैसुरात राहणाऱ्याने निर्धास्त राहावे असे मात्र नाही. बैठे काम, वाढते वजन आणि मधुमेह यांना प्रांताची सीमा नसते.

स्त्रियांत हे खडे पुरुषांपेक्षा जास्त आढळतात. स्त्री-संप्रेरकांमुळे पित्तरसातील कोलेस्टेरॉल वाढते आणि गरोदरपणात पित्ताशयाची हालचाल मंदावते. वाढते वय, स्थूलता, मधुमेह, घरात आई-बहिणींना असलेला त्रास ही इतर कारणे. एक कारण मात्र अनेकांना ठाऊक नसते: झटपट वजन उतरवणे. आठवड्याला दीड किलोहून अधिक वजन कमी होऊ लागले, की खडे होण्याचा धोका वाढतो. लग्न तोंडावर आले म्हणून महिनाभर जवळजवळ उपाशी राहणाऱ्या मुलींनी आणि त्यांच्या आयांनी हे लक्षात ठेवावे.

उपासाचेही असेच. एका संकष्टीने कोणाला खडा होत नाही. पण खडा आधीच असेल तर दिवसभर साठून राहिलेले पित्ताशय रात्रीच्या तुपकट जेवणाने जोरात आवळते, खडा तोंडाशी अडकतो आणि कळ उठते. त्या घरातल्या सुनेची कळ चंद्रोदयानंतरच्या जेवणामागोमाग आली, हा योगायोग नव्हे.

ही कळ ओळखायची कशी?

पित्ताशयाच्या कळेची काही ठळक लक्षणे आहेत. ती पोटाच्या वरच्या मध्यभागी किंवा उजव्या बरगडीखाली येते. पुष्कळदा जड जेवणानंतर किंवा मध्यरात्री येते. पाठीकडे, उजव्या खांद्याच्या फऱ्याकडे पसरते. मुरड्यासारखी क्षणात येऊन क्षणात जात नाही. एकसारखी अर्धा तास ते काही तास राहते आणि मग ओसरते. मधले दिवस माणूस अगदी ठणठणीत असतो. हीच तिची फसवी बाजू.

आम्लपित्ताची जळजळ छातीच्या मधोमध, गळ्याकडे चढणारी असते. वाकले, आडवे झाले की वाढते आणि आम्लविरोधी औषधाने बहुधा लवकर शमते.

येथे एक इशारा आवश्यक आहे. हृदयविकाराचा झटकाही पोटाच्या वरच्या भागातल्या दुखण्याच्या रूपाने येऊ शकतो, विशेषतः स्त्रियांत आणि मधुमेहींत. म्हणून चाळिशीनंतर अशी कळ, घाम आणि अस्वस्थपणा एकदम आला, तर ‘पित्त’ आणि ‘गॅस’ यांचा वाद घरात घालू नये. तडक रुग्णालयात जाऊन हृदयाचा ईसीजी काढावा.

पुढील खुणा दिसल्या तर सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठावे:

• कळ पाच-सहा तासांनंतरही थांबत नसेल.
• ताप येत असेल. थंडी वाजून ताप, पोटदुखी आणि कावीळ ही त्रयी एकत्र आली तर पित्तनलिकेत जंतुसंसर्ग झाल्याची शक्यता असते. त्यात जीव धोक्यात येऊ शकतो.
• डोळे पिवळे झाले, लघवी गडद आणि शौचाचा रंग पांढुरका झाला.
• दुखणे पाठीत आरपार जाऊन उलट्या थांबत नसतील. खडा घसरून स्वादुपिंडाच्या तोंडाशी अडकला तर त्या ग्रंथीला सूज येते. हा गंभीर आजार आहे.

उपाशीपोटी एक तपासणी

सुदैवाने पित्ताशयातले खडे शोधणे आज अगदी सोपे झाले आहे. सोनोग्राफी या तपासणीत सुई नाही, किरणोत्सर्ग नाही, वेदना नाही. सहा ते आठ तास उपाशी राहून जायचे, एवढेच पथ्य. पोट रिकामे असताना पित्ताशय भरलेले असते आणि आतले खडे स्पष्ट दिसतात. शंभरातल्या पंचाण्णवांहून अधिक रुग्णांत ही तपासणी पित्ताशयातला खडा पकडते. जोडीला रक्त तपासून यकृताचे आणि स्वादुपिंडाचे काम पाहिले जाते. ही सोय म्हैसूरच्या कृष्णराजेंद्र रुग्णालयासारख्या मोठ्या सरकारी रुग्णालयापासून तालुक्याच्या गावापर्यंत पोहोचली आहे.

खडा पित्ताशयातून सरकून पित्तनलिकेत गेला असेल, तर मात्र साध्या सोनोग्राफीत तो निसटू शकतो. तेव्हा एमआरसीपी ही चुंबकीय तपासणी करतात. नलिकेतला खडा तोंडावाटे घातलेल्या दुर्बिणीतून काढताही येतो. या उपचाराला ईआरसीपी म्हणतात.

सोनोग्राफीत खडा दिसला म्हणजे लगेच शस्त्रक्रिया, असे मात्र नाही. खडे असलेल्या बहुसंख्य लोकांना काहीही त्रास नसतो. दुसऱ्याच कारणासाठी केलेल्या तपासणीत ते अचानक दिसतात. अशा शंभरांपैकी साधारण एक ते तीन जणांनाच दरवर्षी त्रास सुरू होतो. त्यांनी घाबरून न जाता डॉक्टरांच्या सल्ल्याने लक्ष ठेवले तरी पुरते. खडा तीन सेंटिमीटरहून मोठा असेल, पित्ताशयाच्या भिंतीत चुना साठला असेल किंवा आत मोठी गाठ असेल, तर कर्करोगाच्या भीतीमुळे त्रास नसतानाही पित्ताशय काढण्याचा सल्ला दिला जातो.

एकदा कळ येऊन गेली की हिशेब बदलतो. अशी कळ पुन्हा येण्याची आणि गुंतागुंत होण्याची शक्यता बरीच असते. कुवेंपुनगरातल्या त्या सुनेला तर तीन वेळा इशारा मिळालेला आहे.

काढे, रस आणि साबणाचे खडे

‘खडा’ म्हटले की लगेच शेजारपाजारचे उपाय सुरू होतात. कोणी कुळथाचा काढा सुचवतो, कोणी केळीच्या खुंटाचा रस, कोणी पानफुटीची पाने. म्हैसूरकडे केळीच्या गाभ्याला ‘बाळेदिंडु’ म्हणतात आणि तो भाजीबाजारात सहज मिळतो. हे सारे उपाय मुळात मूतखड्यासाठी सांगितले जातात. मूतखडा मूत्रमार्गात असतो, भरपूर पाणी प्यायल्याने लहान खडा लघवीवाटे पडू शकतो. पित्ताशयाचा लघवीच्या मार्गाशी संबंधच नाही. तिथला खडा पाण्याने वाहून जात नाही. ‘खडा’ हा शब्द एकच असला, तरी दोन्ही खड्यांची जागा वेगळी, घडण वेगळी आणि उपायही वेगळा.

सफरचंदाचा रस, ऑलिव्ह तेल आणि लिंबाचा रस यांचा एक उपायही बराच पसरला आहे. तो केल्यावर दुसऱ्या दिवशी शौचातून हिरवट, मऊ गोळे पडतात आणि रुग्ण हरखून जातो. ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात २००५ साली अशाच एका स्त्रीची हकिकत प्रसिद्ध झाली. तिचे गोळे प्रयोगशाळेत तपासले, तेव्हा त्यांत ना कोलेस्टेरॉल होते, ना बिलिरुबिन, ना चुना. प्यायलेल्या तेलाचाच तो पोटात बनलेला साबण होता. तिच्या पित्ताशयातले खरे खडे जागच्या जागी होते. पुढे ते शस्त्रक्रियेनेच काढावे लागले.

खडे विरघळवणारे खरे औषधही आहे, पण त्याला मर्यादा फार. त्याचे नाव अर्सोडिऑक्सिकोलिक आम्ल. हे आम्ल प्रथम अस्वलाच्या पित्तात सापडले. लॅटिनमध्ये अस्वलाला ‘उर्सुस’ म्हणतात, त्यावरून हे नाव पडले. लहान, चुना नसलेल्या कोलेस्टेरॉलच्या खड्यांवरच ते चालते. सहा महिने ते दोन वर्षे घ्यावे लागते आणि पुढच्या पाच वर्षांत सुमारे निम्म्या रुग्णांत खडे पुन्हा होतात. ज्यांची शस्त्रक्रिया करता येत नाही अशा मोजक्या रुग्णांसाठी त्याचा विचार होतो.

३१ मे १९९० : मुंबईतला दिवस

पित्ताशय काढण्याची पहिली यशस्वी शस्त्रक्रिया बर्लिनमधील शल्यविशारद कार्ल लांगेनबुख यांनी १८८२ साली ४३ वर्षांच्या एका पुरुषावर केली. त्याआधी पित्ताशय उघडून नुसते खडे काढत. लांगेनबुख यांचे म्हणणे असे, की खडे बनवणारी पिशवी तशीच ठेवली तर ती पुन्हा खडे बनवणार. पुढची शंभर वर्षे ही शस्त्रक्रिया पोटावर वीतभर छेद घेऊन होत राहिली. रुग्ण आठवडाभर रुग्णालयात आणि महिनाभर घरी पडून राही. घरच्या बाईला इतके दिवस अंथरुणावर राहणे परवडत नसे. मग ती शस्त्रक्रियेऐवजी दुखणेच पत्करी.

जर्मनीतील एरिक म्यूहे यांनी १९८५ साली दुर्बिणीतून पित्ताशय काढले. त्यांच्याच देशातल्या शल्यविशारदांनी सुरुवातीला त्यांची टर उडवली. १९८७ साली फ्रान्समध्ये लिओं येथे फिलिप मूरे यांनी हीच शस्त्रक्रिया केली आणि नंतर ती जगभर पसरली.

भारतात ती आली मुंबईच्या सर ज. जी. रुग्णालयात. डॉ. तेहेमटन उडवाडिया यांनी ३१ मे १९९० रोजी तेथे दुर्बिणीतून पित्ताशय काढण्याची देशातली पहिली शस्त्रक्रिया केली. ही गोष्ट एखाद्या महागड्या खासगी इस्पितळात न घडता सर्वसामान्यांच्या सरकारी रुग्णालयात घडली, हे महत्त्वाचे. डॉ. उडवाडिया १९७२ सालापासून पोटात दुर्बीण घालून रोगनिदान करीत होते. गरीब देशाला हे चोचले कशाला, अशा टीकेवर त्यांचे उत्तर सरळ होते: हातावर पोट असलेल्या माणसालाच लवकर कामावर परतण्याची सर्वांत जास्त गरज असते. त्यानंतर काही महिन्यांतच पुण्यात डॉ. ज्योत्स्ना कुलकर्णी यांनी ही शस्त्रक्रिया केली. डॉ. उडवाडिया यांना २००६ साली पद्मश्री आणि २०१७ साली पद्मभूषण मिळाले. २०२३ साली त्यांचे निधन झाले.

आज या शस्त्रक्रियेत पूर्ण भूल देऊन पोटावर अर्ध्या ते एक सेंटिमीटरची साधारण चार छिद्रे घेतात. कार्बन डायऑक्साइड वायूने पोट फुगवतात आणि पडद्यावर पाहत पित्ताशय सोडवून बाहेर काढतात. बहुतेक रुग्ण एक-दोन दिवसांत घरी जातात आणि आठवड्या-दोन आठवड्यांत नेहमीची हलकी कामे करू लागतात. धोका अजिबात नाही असे नाही. हजारात तीन ते पाच रुग्णांत मुख्य पित्तनलिकेला इजा होऊ शकते. म्हणून अनुभवी शल्यविशारद निवडावा. सूज फार असेल तर डॉक्टर मध्येच पोट उघडण्याचा निर्णय घेतात. त्याला अपयश समजू नये, तो सुरक्षिततेचा मार्ग असतो.

पित्ताशयाविना जगता येते?

‘देवाने दिलेला अवयव काढून टाकायचा? मग जेवण पचणार कसे?’ हा प्रश्न घरातली वडीलधारी माणसे हमखास विचारतात. त्याचे उत्तर म्हैसूरकरांना दरवर्षी दसऱ्याला रस्त्यावर चालताना दिसते. जंबू सवारीत साडेसातशे किलोंची सोन्याची अंबारी पाठीवर घेऊन जाणाऱ्या हत्तीला पित्ताशय नसते. मिरवणुकीतल्या घोड्यालाही नसते.

पित्तरस बनवते यकृत. पित्ताशय ही फक्त साठवणीची टाकी. टाकी काढली तरी नळ चालूच राहतो आणि पित्तरस थेंबाथेंबाने सरळ आतड्यात पडत राहतो. काहींना सुरुवातीला जुलाब किंवा पोट फुगण्याचा त्रास होतो, तो बहुधा काही आठवड्यांत कमी होतो. थोड्या जणांत तो रेंगाळतो, त्यावर औषधे आहेत. आयुष्यभर वरणभातावर राहावे लागत नाही.

पित्त उलटे फिरते तेव्हा

खऱ्या अर्थाने ‘पित्त जठरात चढले’ असे म्हणता येईल, असाही एक आजार आहे. जठर आणि लहान आतडे यांच्यामध्ये एक झडप असते. ती अन्न पुढे जाऊ देते, पण मागे फारसे येऊ देत नाही. ही झडप सैल पडली किंवा शस्त्रक्रियेत काढली गेली, तर आतड्यातला पित्तरस उलटा जठरात शिरतो. जठराच्या अस्तराला तो सोसत नाही. पोटाच्या वरच्या भागात सतत जळजळ, मळमळ आणि हिरवट-पिवळी कडू उलटी ही त्याची लक्षणे. जठराची शस्त्रक्रिया झालेल्यांत हा त्रास जास्त दिसतो. पित्ताशय काढलेल्या काही जणांतही तो आढळतो.

येथे आम्लाची गोळी पुरेशी पडत नाही, कारण पित्तरस आम्ल नसतोच. दुर्बिणीने जठर तपासून डॉक्टर खात्री करतात. मात्र तपासणीत थोडे पित्त दिसले म्हणजे आजार झालाच असे नव्हे, थोडी येजा निरोगी माणसातही होते. सुक्राल्फेट, जठराची हालचाल वाढवणारी औषधे, अर्सोडिऑक्सिकोलिक आम्ल यांचा उपयोग काही रुग्णांना होतो. अगदी क्वचित शस्त्रक्रिया करून पित्ताची वाट दूर वळवावी लागते.

या बाबतीत एक जुनी नोंद गमतीची आहे. अमेरिकेत १८२२ साली बंदुकीची गोळी लागून एका तरुणाच्या जठराला कायमचे छिद्र राहिले. विल्यम बोमंट नावाच्या डॉक्टरांनी त्या छिद्रातून वर्षानुवर्षे पचनक्रिया पाहिली आणि १८३३ साली ती प्रसिद्ध केली. एरवी जठरात पित्त सहसा दिसत नसे, पण तो माणूस फार संतापला की दिसे, असे त्यांना आढळले. एका माणसावरून नियम ठरत नाही. तरी ‘पित्त खवळणे’ म्हणणाऱ्यांना हे वाचून बरे वाटेल.

पथ्यपाणी

खडे होऊच नयेत याची हमी कोणी देऊ शकत नाही, पण शक्यता कमी करता येते. जेवणाच्या वेळा पाळाव्यात, विशेषतः सकाळचे खाणे टाळू नये. डाळी, भाज्या, फळे, कोंड्यासकट धान्य आहारात असावे. म्हैसूरची नाचणीची मुद्दे चांगलीच. मैसूरपाक आणि तळलेले वडे सणापुरते ठेवावेत. तेल-तूप एकदम बंद करण्याचेही कारण नाही. थोड्या स्निग्ध पदार्थाने पित्ताशय रिकामे होत राहते. रोज अर्धा-पाऊण तास चालावे. वजन उतरवायचे तर महिन्याला दोन-तीन किलोंच्या बेताने उतरवावे.

ज्यांना खडे असल्याचे कळले आहे, त्यांनी दिवसभराच्या कडक उपासानंतर तुपकट जेवण टाळावे. उपास करायचाच असेल तर मधे फळे, दूध घ्यावे आणि रात्री साधा वरणभात जेवावा. देव मोदकाच्या संख्येवर रागावत नाही.

आता पुन्हा कुवेंपुनगरातल्या त्या घराकडे वळू. पुढच्या वेळी कळ येईल तेव्हा दोन गोष्टी घडू शकतात. सासूबाई पुन्हा आमसुलाचे पाणी देतील, नवरा पुन्हा गोळी शोधेल. मग एखाद्या रात्री थंडी वाजून ताप भरेल, डोळे पिवळे दिसतील आणि जे काम ठरवून, शांतपणे दोन दिवसांत झाले असते, ते घाईघाईने, अतिदक्षता विभागाच्या दाराशी बसून करावे लागेल.

किंवा कळ ओसरलेल्या त्याच सकाळी सासूबाई म्हणतील, ‘‘आज डबे राहू देत. ही तिसरी वेळ आहे. काही खाऊ नकोस, आधी जाऊन ती सोनोग्राफी करून ये.’’ आणि नवरा मुलांना शाळेत सोडून तिच्याबरोबर जाईल.

घरातली बाई दुखणे अंगावर काढते, कारण तिला थांबायला सवड नसते. ती सवड तिला इतरांनी काढून द्यायची असते. आमसुलाचे पाणी मायेने दिलेले असते, यात शंका नाही. त्या मायेला एका तपासणीची जोड मिळाली, तर घर एका मोठ्या संकटातून वाचेल.